कागदावरचा दिग्दर्शक

एवारिस्तो चेंचेत्तीने बावन्न चित्रपटांत काम केलं आणि त्यांतल्या अठरांमध्ये तो पहिल्या वीस मिनिटांत मेला. लांबट चेहरा, ओघळलेले डोळे, वरचा ओठ नेहमी काहीतरी सांगायच्या बेतात. असा माणूस पडद्यावर आला की प्रेक्षक समजून जायचे, याचं काही खरं नाही. त्याने तारमास्तर केले, औषधवाले केले, चहाडखोर केले, भित्रे पाद्री केले. आवाज मात्र त्याचा कधीच नव्हता. त्या काळी रोममध्ये चित्रपट मुकाच काढत आणि बोलणं नंतर डबिंगच्या खोलीत भरत. एवारिस्तोच्या साबीना डोंगरातल्या हेलाला त्या खोलीत कोणी पाऊल ठेवू देत नसे. बावन्न चित्रपटांत मिळून तो सात परक्या माणसांच्या आवाजात बोलला.

दिग्दर्शक म्हणून त्याच्या नावावर एकच चित्रपट होता आणि तो त्याने केलेला नव्हता. त्याने केलेलाही एकच होता आणि त्यावर त्याचं नाव नव्हतं.

शहात्तराव्या वर्षी त्याने हे सगळं जवळजवळ मिटवत आणलं होतं. बायको जाऊन नऊ वर्षं झाली होती. सकाळी खाली जाऊन कॉफी, दुपारी वाटीभर सूप, संध्याकाळी रेडिओ. इमारतीची लिफ्ट ऑगस्टपासून बंद होती, त्यामुळे खाली जाणं एकदाच. अशात २००३च्या ऑक्टोबरातल्या एका सोमवारी उत्तरेकडच्या एका चित्रपट संग्रहालयाच्या लाव्हीनिया त्रेन्तिन चार जिने चढून त्याच्या दारात धापा टाकत उभ्या राहिल्या.

"माएस्त्रो," त्या म्हणाल्या, "तुम्ही रोज चढता हे?"

"उतरतो रोज. चढणं त्यातूनच निघतं. बसा, दोत्तोरेस्सा. पाणी देऊ?"

बाई चाळिशीच्या, केस आखूड, खांद्यावर दप्तर असं भरलेलं की एक खांदा कायमचा खाली आलेला. त्या पाणी प्यायल्या आणि त्यांनी दप्तरातून एक जाड बाड काढलं. 'मिठाची वाट' हा १९६६चा चित्रपट त्यांच्या संग्रहालयाने दोन वर्षं खपून दुरुस्त केला होता. नोव्हेंबरच्या महोत्सवात तो दाखवायचा होता, आणि त्याच्या दिग्दर्शकाला, म्हणजे एवारिस्तोला, आयुष्यभराच्या कामाचा सन्मान द्यायचा होता.

'मिठाची वाट'साठी एवारिस्तोने सहा दिवस काम केलं होतं. स्पेनमधल्या आल्मेरियाच्या उजाड माळावर तो तारमास्तर झाला, गोळी लागून मेला, आणि सातव्या दिवशी आगगाडीने परत आला. चित्रपट केला होता इलारियो बेंगोएचेआ नावाच्या स्पॅनिश माणसाने. पण पैसा अर्धा रोमचा होता, आणि सरकारदरबारी चित्रपट इटालियन ठरायचा तर कागदावर दिग्दर्शक इटालियन लागायचा. निर्माता फ्रेत्साने एवारिस्तोला कचेरीत बोलावलं, करार पुढे सरकवला आणि म्हणाला, "तू भला माणूस आहेस, तुझं नाव कोणाला खुपत नाही." त्या सहीबद्दल एवारिस्तोच्या घरी एक फ्रिज आला. नवा होता. बावीस वर्षं चालला.

तेव्हा सगळेच हे करत. कोणी नाव देई, कोणी घेई, आणि पडद्यावरचं नाव वाचायला थांबतोय कोण?

"हे ऐका," लाव्हीनिया म्हणाल्या आणि बाडातून वाचू लागल्या. चौदा पानांचा लेख होता, एका फ्रेंच प्राध्यापकाचा. "'तारमास्तर मरतो तेव्हा त्याचे ओठ चाळीस सेकंद हलत राहतात आणि आपल्याला एक अक्षरही ऐकू येत नाही. त्या काळच्या बाजारू चित्रपटात एवढं धाडस दुसऱ्या कोणी केलं नाही. चेंचेत्ती इथे स्वतःच स्वतःला गप्प करतात.'" त्यांनी मान वर केली. "ते काय बोलत असतात, माएस्त्रो? तुम्ही काय बोलत होता?"

एवारिस्तो आकडे मोजत होता. डबिंगचे संवाद लिहून झालेले नसले की नटाने ओठ हलते ठेवण्यासाठी आकडे मोजायचे, ही तेव्हाची पद्धत. त्या दिवशी तो एकवीसपासून सुरू झाला होता आणि साठाच्या पुढे कधीतरी मेला.

"आठवत नाही," तो म्हणाला.

"हे उत्तरही छान आहे," लाव्हीनिया म्हणाल्या आणि त्यांनी ते टिपून घेतलं.

मग त्यांनी एक छापील कागद काढला. दुरुस्त केलेली प्रत दिग्दर्शकाने पाहिली व मान्य केली, अशा मजकुराचा. सही शुक्रवारपर्यंत हवी होती, कारण शुक्रवारी पुस्तिका छापायला जायची.

"आणि दुसरी गोष्ट. जुन्या नोंदी चाळताना मला तुमचं टोपणनाव सापडलं. एडविन क्रेन. 'रक्ताचं खळं', १९६८."

एवारिस्तोच्या हातातला पेला टेबलावर जरा जोरात टेकला.

"त्या फिल्मचं नाव ते नव्हतं," तो म्हणाला. "तिचं नाव 'खळ्यावरच्या बायका'."

"निगेटिव्ह रोमबाहेरच्या एका भांडारात आहे. मी हुंगून आलेय. व्हिनेगरचा वास सुटलाय."

पुढचं त्यांना सांगावं लागलं नाही. फिल्मला व्हिनेगरचा वास सुटला की ती आतून सडू लागली. मग ती आक्रसते, ठिसूळ होते, आणि एक दिवस डबा उघडावा तर आत नुसता चुरा.

"किती दिवस?"

"प्रयोगशाळेच्या मते दोन वर्षं. त्याआधी डिजिटल प्रत केली तर केली. तसल्या तीनशे फिल्म रांगेत आहेत, आणि वर्षाला आम्ही सहा करतो." त्यांनी डोळे चोळले. "स्पष्ट सांगते. एडविन क्रेनसाठी मला कोणी दमडी देणार नाही. पण 'मिठाची वाट'च्या दिग्दर्शकाचा दुसरा, हरवलेला चित्रपट म्हटलं, तर मी तो पुढच्याच वर्षी रांगेत पहिला लावते. म्हणून नोव्हेंबरला तुम्ही यायलाच हवं. चार शब्द बोला, बस."

त्या गेल्यावर एवारिस्तो बराच वेळ कागदाकडे बघत बसला. सही कुठे करायची तिथे बाईंनी पेन्सिलीने बारीक फुली मारून ठेवली होती.

*

मंगळवारी तो दोन बस बदलून रोमच्याच गार्बातेल्ला भागात फेदोरा मार्त्सोक्कीकडे गेला. फेदोराने दोन्ही चित्रपटांचं संकलन केलं होतं. आता ती एकाहत्तर वर्षांची होती, डाव्या डोळ्यात मोतीबिंदू, उजव्या तर्जनीवर फिल्म कापायच्या पात्याचा पांढरा वण. चौकातल्या बाकावर बसून ती शेंगा सोलत होती.

"आलास? बस. तोंड का असं? परत मेलास का कुठे?"

"मला बक्षीस मिळतंय."

"मरायचं?"

"दिग्दर्शनाचं. 'मिठाची वाट'."

फेदोराचे हात थांबले. "आयत्या बिळावर नागोबा," ती म्हणाली, आणि पुन्हा सोलू लागली. "मग? माझ्याकडे काय, फुलं न्यायला आलास?"

त्याने सगळं सांगितलं. लेख, कागद, शुक्रवार, व्हिनेगर. फेदोराने मध्ये एकदाही तोंड घातलं नाही. तिच्या बाबतीत हे लक्षण चांगलं नव्हतं.

"फेदो, एक सांग," शेवटी तो म्हणाला. "त्या ओठांचं काय झालं होतं? डबिंगच्या दिवशी आवाजवाला आलाच नाही, असंच ना? आजारी होता का?"

हा प्रश्न घेऊनच तो दोन बस बदलून आला होता. आवाज राहून गेला असेल, पैसे संपले असतील, माणूस आला नसेल, तर ते चाळीस सेकंद कोणाचेच नव्हते. कोणाच्याच नसलेल्या वस्तूवर आपलं नाव पडलं तर एवढं काय मोठं?

"कोण आजारी?" फेदोरा म्हणाली. "चांगला ठणठणीत आला होता. वाक्यं लिहून तयार होती. आई, मातीचा वास, असलं काहीतरी रडगाणं. इलारियो सार्डिनचा डबा आणि पाव घेऊन माझ्या खोलीत बसला. तीनदा बघितलं त्याने. तेल गळत होतं टेबलावर, मी शिव्या देतेय. म्हणाला, हा तारमास्तर आहे, आयुष्यभर दुसऱ्यांचे निरोप पोचवले याने. याचा निरोप पोचायलाच नको. आवाज काढून टाक. मी म्हटलं, अरे बाबा, लोक समजतील यंत्र बिघडलं. म्हणाला, समजू देत."

"मग?"

"मग काय? समजले. लिव्होर्नोच्या थिएटरात खुर्च्या फेकल्या." तिने एक शेंग फोडली, आत कीड निघाली, ती तिने मागे भिरकावली. "फ्रेत्साने त्याला पुन्हा उभं केलं नाही. पुढे स्पेनला, सारागोसात, साबणाच्या जाहिराती करायचा. एक्क्याण्णवला गेला. मला नाताळाला कार्ड यायचं, स्पॅनिशमध्ये, मला ओ का ठो कळायचं नाही."

समोर दोरीवर कोणाच्या तरी चादरी वाळत होत्या आणि एक म्हातारी वरच्या खिडकीतून दुसरीला ओरडून सांगत होती की भाजी आज कडू निघाली.

"त्याला मूलबाळ?"

"कोणी नाही. कोणी विचारायला येणार नाही, तेच विचारतोयस ना? नाही येणार. खुशाल सही कर."

"तू बोलशील?"

"मी?" फेदोरा हसली. "मला कोण विचारतंय? चौदा पानांच्या त्या लेखात माझं नाव आहे का?"

"नाही."

"बघ. मेल्यांना वाटतं फिल्म आपोआप चिकटते." तिने टोपली बाजूला ठेवली. "हे बघ एवारी, एकच सांगते. पस्तीस वर्षांत तुझी ती फिल्म तू पाहिलेली नाहीस. ज्याच्यासाठी खोटं बोलायचं ते आधी डोळ्यांनी बघ तरी. भिकारही निघेल."

"संकलन तुझं होतं."

"म्हणून तर म्हणतेय."

*

गुरुवारी लाव्हीनियांनी दोघांना आपल्या छोट्या गाडीतून शहराबाहेर नेलं. फेदोरा गुडघ्यांच्या नावाखाली पुढे बसली आणि वाटभर बाईंना गाडी कशी चालवावी ते सांगत राहिली. भांडार म्हणजे पूर्वीचं फळांचं गोदाम होतं. जाड भिंती, आत गारठा, पत्र्याच्या डब्यांच्या रांगा. निगेटिव्हला हात लावायची परवानगी नव्हती, पण डबा उघडून दाखवला. वास नाकात गेला तसा एवारिस्तो एक पाऊल मागे सरला. सॅलडची वाटी उन्हात विसरावी तसा वास.

"हे तिसरं रीळ," लाव्हीनिया म्हणाल्या. "हे सगळ्यात जास्त आक्रसलंय."

सोबत एक जुनी प्रिंट होती, बघण्यापुरती. रंग उडून सगळं गुलाबी झालेलं. फेदोराने हातमोजे चढवले आणि भांडारातल्या माणसाला टेबलापासून दूर व्हायला सांगितलं.

"बाई, तुम्हाला येतं का हे यंत्र?"

"तू जन्मायच्या आधीपासून. हो बाजूला."

तिने रीळ चढवलं, फिल्मच्या कडेची भोकं यंत्राच्या दातांवर बसवली, चाक फिरवलं. टेबलावरच्या लहान काचेत आधी ओरखडे आले, मग लाल अक्षरं, मग एका कडेने रक्त ओघळल्याचं चित्र. दिग्दर्शन: एडविन क्रेन.

वितरकाने हे नाव एका अमेरिकन रेल्वेच्या वेळापत्रकातून काढलं होतं. "इटालियन माणसाची फिल्म इटालियन माणूस बघत नाही," तो म्हणाला होता. शीर्षक त्याने बदललं, पोस्टरवर कोयता आला. पहिल्या खेपेला एवारिस्तो भांडला, दुसऱ्या खेपेला त्याने विनवण्या केल्या, तिसऱ्या खेपेला सही केली. चित्रपट रोममध्ये चार दिवस चालला. त्यानंतर त्याने पुन्हा दिग्दर्शन केलं नाही. पुन्हा मरायला लागला.

पण या क्रेनचा त्याने किती वर्षं द्वेष केला, ते त्याचं त्यालाच ठाऊक होतं. नसलेल्या माणसाचा. याने कधी खळं पाहिलं होतं? जून महिन्यात भुसा मानेत शिरल्यावर कशी आग होते, ते याला माहीत होतं? रात्री झोपेतून उठून तो बायकोला म्हणायचा, त्या क्रेनला काय ठाऊक. बायको म्हणायची, झोप, तो इथे नाहीये.

काचेतली अक्षरं सरकून गेली. एवारिस्तोला एकदम वाटलं की सारागोसातल्या एखाद्या थिएटरात इलारियो असाच बसला असेल. साबणाची जाहिरात संपवून आला असेल, शेवटचा खेळ असेल. आणि पडद्यावर नाव आलं असेल, एवारिस्तो चेंचेत्ती. याला काय ठाऊक, म्हणाला असेल.

त्याने हे कोणाला सांगितलं नाही. फेदोरा चाक फिरवत होती.

पहिलं रीळ बरं होतं. दुसरं वाईट. शहरातून आलेला इंजिनियर आणि जमीनदाराची सून यांचं प्रकरण त्याने कुठल्या धुंदीत लिहिलं होतं, देव जाणे. दोघं गवतात लोळत होते आणि कॅमेरा तिसरीकडेच बघत होता.

"हे असं का?" लाव्हीनियांनी विचारलं.

"त्या नटीच्या नवऱ्याला सेटवर यायचं होतं," एवारिस्तो म्हणाला. "आला होता."

फेदोरा खुदकन हसली. "भिकार आहे. म्हटलं होतं ना?"

"पुढे जा."

तिसरं रीळ लागलं आणि फेदोराने तोंड बंद केलं.

खळ्यावर बायका उभ्या होत्या. नट्या नव्हत्या त्या, एवारिस्तोच्या गावच्या होत्या, अकरा जणी. मळणीयंत्राच्या पट्ट्याजवळून पेंढ्या हातोहात सरकत होत्या. कोणी कोणाकडे बघत नव्हतं आणि एकही पेंढी खाली पडत नव्हती. कॅमेरा एका जागी होता. गुलाबी झालेल्या उजेडातही धूळ दिसत होती, मानेवरचा घाम दिसत होता, एकीने डोक्यावरच्या रुमालाच्या टोकाने डोळा पुसून दुसऱ्याच हाताने पेंढी झेललेली दिसत होती. काहीच घडत नव्हतं, आणि मान वळवता येत नव्हती.

मग बायका बोलू लागल्या. आवाज रोमच्या नाटकवाल्यांचे. एक भारदस्त बाई म्हणाली, "ही माती आपल्याला कधी विसरणार नाही." काचेत ओठ हलत होते ते एका काळ्या रुमालातल्या म्हातारीचे, आणि ओठांचं आणि वाक्याचं काहीच जुळत नव्हतं.

"ह्या आकडे मोजताहेत का?" लाव्हीनियांनी विचारलं. पद्धत त्यांना पुस्तकातून ठाऊक होती.

"मोजेनात," एवारिस्तो म्हणाला. "लाज वाटायची त्यांना. म्हणाल्या, आम्ही काय शाळेत आहोत? मग मी म्हटलं, एरवी बोलता तसं बोला."

"आणि ही? ही काय म्हणते?"

"ही माझी आई. क्विरीना." त्याने काचेवर बोट ठेवलं आणि लगेच काढलं. फेदोराला काचेवर बोटं चालत नसत. "ती म्हणतेय, किती जण जेवणार ते आत्ताच सांग. मागाहून सांगू नकोस. दोनदा म्हणते. बघा, आता पुन्हा."

म्हातारीने पेंढी पुढे दिली, कॅमेऱ्याच्या जरा डावीकडे वैतागून बघितलं आणि ते पुन्हा म्हटलं. वरून नाटकातली बाई मातीबद्दल बोलतच होती. फेदोराने हात पुढे करून आवाज बंद केला. मग तिघांनी उरलेलं रीळ नुसतं बघितलं.

शेवटच्या दीड मिनिटात कोयतेवाला आला. वितरकाने दुसऱ्याच कोणाकडून चित्रित करून घेतलेला, दुसऱ्याच गावात, डिसेंबरात. मागे झाडं निष्पर्ण.

चौथं रीळ धान्य वाटून घेणाऱ्या दोन बहिणींच्या भांडणाचं होतं. तेही चांगलं निघालं, अगदी घट्ट बांधलेलं. पाचव्यात पुन्हा इंजिनियर.

यंत्र थांबलं. फेदोराने हातमोजे काढले. "दोन रिळं," ती म्हणाली. "दीड म्हण हवं तर. मला वाटलं होतं त्यापेक्षा दीड जास्त."

*

भांडाराच्या दारापाशी कॉफीचं यंत्र होतं. लाव्हीनियांनी तीन पेले आणले आणि उभ्या उभ्याच म्हणाल्या, "मी हे रांगेत लावणार. माझ्याकडून ठरलं. आता फक्त तुमची सही."

एवारिस्तोने खिशातून कागद काढला. घडीवर मळला होता. सहीच्या जागेची पेन्सिलीची फुली अजून दिसत होती.

"दोत्तोरेस्सा, 'मिठाची वाट' मी केलेला नाही."

"म्हणजे?"

"मी तारमास्तर. एवढाच. चित्रपट इलारियो बेंगोएचेआचा. ते ओठ, ती शांतता, सगळं त्याचं. मी नाव दिलं होतं, सरकारी कागदासाठी. मी तेव्हा आकडे मोजत होतो."

लाव्हीनियांनी कॉफीचा पेला यंत्रावर ठेवला. त्यांनी आधी त्याच्याकडे बघितलं, मग फेदोराकडे.

"खरंय," फेदोरा म्हणाली. "शेजारी मी होते. टेबलावर तेल सांडलं होतं."

"माएस्त्रो, हे तुम्ही सोमवारी का नाही सांगितलंत?"

"सोमवारी मला वाटत होतं, चालून जाईल."

"काल लेख छपाईच्या जुळणीला गेला. चौदा पानं." त्यांचा आवाज चढला नाही, उलट खाली आला. दमलेल्या माणसाचा येतो तसा. "स्पेनच्या यादीतही बेंगोएचेआ सहायक म्हणून आहे. करार तुमच्या नावाचा. कायद्याने चित्रपट तुमचाच आहे. आता मी कोणाला काय सांगू?"

"मी लिहून देतो."

"देता? नक्की?" त्या जवळ आल्या. "दिलंत तर मला ते छापावं लागेल. मग सन्मान नाही. तो तुमच्यासाठी होता, आणि त्या माणसासाठी समिती बसवावी लागेल पुन्हा. आणि ही फिल्म..." त्यांनी मागच्या थंड खोलीकडे मान वळवली. "उद्या कोणी विचारलं, एडविन क्रेन म्हणजे चेंचेत्ती कशावरून, तर माझ्याकडे आहे काय? नोंदणीचा कागद. आणि कागद खोटे असतात हे तर तुम्हीच आत्ता सांगितलंत."

"मी आहे की," फेदोरा म्हणाली.

"तुम्ही त्यांच्या चाळीस वर्षांच्या मैत्रीण आहात, सिन्योरा. समितीतले लोक हसतील मला."

एवारिस्तोने हे सगळं मंगळवारीच, परतीच्या बसमध्ये, मनाशी मांडून पाहिलं होतं. एक खरं सांगितलं की दुसरं खोटं पडणार. त्याने चष्मा लावला. यंत्राशेजारच्या उंच टेबलावर, उभ्यानेच, कागदाच्या मागच्या कोऱ्या बाजूला सहा ओळी लिहिल्या. नाव, जन्मतारीख, चित्रपट, वर्ष. दिग्दर्शन इलारियो बेंगोएचेआ. संकलन फेदोरा मार्त्सोक्की. मी तारमास्तरची भूमिका केली. खाली सही.

"माझं नाव कशाला?" फेदोरा म्हणाली, पण तिने कागद उजव्या डोळ्याजवळ नेऊन ती ओळ दोनदा वाचली. "दोन क लागतात. लावलेत. बरं."

लाव्हीनियांनी कागद घेतला. त्यांना आता प्राध्यापकाला फोन करायचा होता, छापखान्याला करायचा होता, आणि कोणाला आधी करावा हे ठरत नव्हतं. त्या दारापर्यंत गेल्या, परत आल्या.

"मार्चमध्ये आमचं नवं स्कॅनर येतंय," त्या म्हणाल्या. "चाचणीसाठी खराब झालेली फिल्म लागते. एक रीळ. समितीला विचारावं लागत नाही. मात्र ते चाचणीचं रीळ म्हणूनच राहील. कपाटात जाईल. कोणाचं नाव लागणार नाही त्याला."

"एकच?"

"एकच. आणि हात जोडते, मला आत्ता आभार मानू नका."

"चौथं द्या," फेदोरा लगेच म्हणाली. "चौथं कमी आक्रसलंय. यंत्रातून धड बाहेर येईल."

"तिसरं," एवारिस्तो म्हणाला.

"वेडा आहेस का? तिसऱ्याच्या कडेची भोकं गेलीत. अर्ध्यात तुटेल, मग ना हे ना ते. वर शेपटीला तो कोयतेवाला. चौथं बघ, एक कट इकडचा तिकडे नाही. मी आठ दिवस घासलंय ते."

"ठाऊक आहे मला. चौथं जास्त चांगलं आहे."

"मग?"

"तिसरं."

"आणि तुटलं तर?"

"तुटेपर्यंतचं मिळेल."

फेदोराने पर्स काखेत मारली आणि खांदे उडवले. "गाढव ते गाढव. लिहा हो बाई, तिसरं."

लाव्हीनियांनी दप्तरातून चिकटपट्टीची चिठ्ठी काढली आणि थंड खोलीत जाऊन डब्यावर लावली. एवारिस्तो दारातून बघत होता. चाचणी, मार्च. शीर्षकाच्या जागी त्यांनी त्याला विचारलं आणि 'खळ्यावरच्या बायका' असं लिहिलं. दिग्दर्शकाच्या जागी त्यांचं पेन थांबलं. मग त्यांनी लिहिलं, अज्ञात.

"लांबी?" त्यांनी आतूनच विचारलं.

"अकरा मिनिटं," एवारिस्तो म्हणाला.

"दहा मिनिटं चाळीस सेकंद," फेदोरा म्हणाली.